सत्कार पदवीचा, परीक्षेला मात्र एकटाच!

१० डिसेंबर २०२३ ही तारीख आमच्या वाचकांपैकी थोड्यांच्याच ध्यानात असेल. ६ डिसेंबरचा भीमसागर शिवाजी पार्कवरून ओसरून जेमतेम चार दिवस झाले होते. त्या रविवारी देशभरातले सुमारे दीड लाख कायदा पदवीधर अखिल भारतीय बार परीक्षेला बसले. निकाल लागला तेव्हा उत्तीर्ण झालेले निम्म्याहूनही थोडे कमीच निघाले. आमच्या ओळखीची नायगाव, परळ, लालबागची जी मुले त्या परीक्षेला बसली, त्यांतली बरीचशी ४, ५ आणि ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर पाणी वाटत, रांगा लावत, पुस्तकांच्या स्टॉलवर उभी होती. एकाने तर स्टॉलच्या मागे बसून पुराव्याचा कायदा वाचल्याचे आम्ही डोळ्यांनी पाहिले. तो नापास झाला. त्याला त्याबद्दल बोल लावण्याची आमची इच्छा नाही आणि तेवढी आमची लायकीही नाही. ती का नाही, ते पुढे येईलच.

ही परीक्षा काय आहे हे आधी थोडक्यात सांगितले पाहिजे, कारण आमच्या समाजात अजूनही 'एलएल.बी. झाला म्हणजे वकील झाला' अशीच समजूत आहे. आम्ही सनद घेतली तेव्हा तसेच होते. पदवी घेतली, फोर्टला हायकोर्टाच्या आवारातील बार कौन्सिलच्या कचेरीत कागद भरले, सनद मिळाली, गळ्यात बँड बांधला आणि उभे राहिलो. २०१० मध्ये बार कौन्सिल ऑफ इंडियाने ठराव केला आणि मार्च २०११ मध्ये पहिली परीक्षा झाली. आता सनद मिळते ती तात्पुरती. दोन वर्षांत ही परीक्षा पास व्हायची, तरच प्रॅक्टिसचे प्रमाणपत्र. शंभर प्रश्न, चार पर्यायांतला एक निवडायचा, चुकल्यास गुण कापत नाहीत. परीक्षा मराठीतूनही देता येते. २०२१ पर्यंत पुस्तके घेऊन बसता येत असे. त्यानंतर फक्त टीपा नसलेले बेअर अ‍ॅक्ट. परीक्षा घेण्याचा कौन्सिलला अधिकार आहे काय, हा वाद सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने १० फेब्रुवारी २०२३ रोजी मिटवला. अधिकार आहे, असे ठरले. तेव्हा 'ही परीक्षाच नको' म्हणून छाती बडवण्यात आता अर्थ नाही.

आमची तक्रार दुसरीच आहे, आणि ती निम्मी आमच्याच माणसांविरुद्ध आहे.

लालबागचा एक मुलगा आमच्याकडे ज्युनियर म्हणून आला. वडील गिरणीत होते, संपानंतर वॉचमन झाले. मुलगा घरातला पहिला पदवीधर, आणि नात्यागोत्यातला पहिला वकील. पदवी मिळाली तेव्हा वस्तीत सत्कार झाला, फ्लेक्स लागला, पंचशीलेनंतर चौघांची भाषणे झाली. त्यांत एक आमचेही होते. 'बाबासाहेबांचा वारसा' वगैरे आम्ही बोललो. त्यानंतर दोन वर्षे तो मुलगा आमच्या फायली घेऊन सकाळी भोईवाडा कोर्टात, दुपारी धोबी तलावच्या लघुवाद न्यायालयात आणि संध्याकाळी झेरॉक्सच्या दुकानात फिरत राहिला. पहिल्या वेळी तीन गुणांनी गेला, दुसऱ्या वेळीही गेला. दोन वर्षांची मुदत सरली. त्याच सुमारास एका अत्याचाराच्या प्रकरणात फिर्यादी कुटुंब त्याच्यावर विसंबून होते. आई, दोन मुली, जामिनाची सुनावणी. अ‍ॅट्रॉसिटी कायद्याच्या २०१५ च्या दुरुस्तीने कलम १५-अ आले, २६ जानेवारी २०१६ पासून ते लागू झाले, आणि पीडिताला जामिनाच्या टप्प्यावरही आपले म्हणणे मांडण्याचा हक्क मिळाला. हक्क मिळाला खरा, पण म्हणणे मांडायला वकील उभा लागतो. सारी टिपणे त्या मुलाने काढलेली, साक्षीदारांना धीर त्याने दिलेला, त्या माउलीचा फोन त्यालाच यायचा. आणि सुनावणीच्या दिवशी नियमाने त्याला वकील म्हणून उभे राहता येईना. आम्ही उभे राहिलो. फाइल आम्हाला त्याच्याइतकी ठाऊक नव्हती. तो मागच्या बाकावर बसून चिठ्ठ्या पुढे सरकवत होता.

त्या दिवसापासून आम्ही स्वतःला एक प्रश्न विचारतो आहोत. दोन वर्षांत त्याला अभ्यासाला म्हणून आम्ही किती सुट्ट्या दिल्या? उत्तर लाज आणणारे आहे.

चळवळीतील वाचकांना परळच्या बीआयटी चाळीतील दोन खोल्यांचे नव्याने वर्णन करायला नको. पण वकिलीच्या संदर्भात एक गोष्ट पुन्हा सांगितली पाहिजे. बाबासाहेब १९२३ च्या एप्रिलमध्ये लंडनहून परतले, ग्रेज इनचे बॅरिस्टर होऊन. जगातल्या नामांकित विद्यापीठांच्या पदव्या पदरात. तरीही मुंबई हायकोर्टात वकिली करायला सनद लागते आणि सनदेची फी भरायला त्यांच्याकडे पैसे नव्हते. नवल भथेना या पारशी स्नेह्याने ती नड भागवली, तेव्हा जुलै १९२३ मध्ये सनद झाली. पुढेही सोपे काही नव्हते. मोठ्या सॉलिसिटर मंडळींकडून अस्पृश्य बॅरिस्टरला कामे येत नव्हती, म्हणून जिल्ह्याजिल्ह्यांतली, मुफसलातली कामे घ्यावी लागली. १९२५ ते १९२८ या काळात बाटलीबॉय यांच्या अकाउंटन्सी संस्थेत व्यापारी कायदा शिकवून त्यांनी प्रपंचाला हातभार लावला. 'देशाचे दुश्मन' या पुस्तकावरील पुण्याच्या खटल्यात जेधे-जवळकरांची बाजू मांडली ती याच ओढगस्तीच्या दिवसांत, १९२६ मध्ये. परळच्या दामोदर हॉलमधील कचेरीत कामगार, झाडूवाले, गावाकडून आलेले म्हातारे कागद घेऊन बसत आणि त्यांना वाचून दाखवले जाई.

आम्ही ही गोष्ट सत्काराच्या भाषणात नेहमी सांगतो. सांगताना भथेनांपाशी मात्र थांबत नाही. बुद्धी बाबासाहेबांची होती, त्याबद्दल वाद नाही. पण सनदेच्या खिडकीपाशी बुद्धी चालत नाही, तिथे रोख पैसे मोजावे लागतात. आणि त्या दिवशी ते मोजायला एक मित्र हजर होता. आज आमच्या समाजात प्राध्यापक आहेत, बँकेतले अधिकारी आहेत, मंत्रालयातले सचिव आहेत. लालबागच्या मुलाचा भथेना कोण?

शंभर वर्षांनंतरही ही खिडकी तीच होती, हे सर्वोच्च न्यायालयालाच सांगावे लागले. अ‍ॅडव्होकेट्स अ‍ॅक्टच्या कलम २४ मध्ये १९९३ च्या दुरुस्तीनंतर नोंदणीची फी सर्वसाधारण उमेदवाराला ७५० रुपये आणि अनुसूचित जाती-जमातीच्या उमेदवाराला १२५ रुपये अशी लिहिली आहे. कायदा सांगे सव्वाशे. प्रत्यक्षात राज्याराज्यांच्या बार कौन्सिलांनी ग्रंथालय निधी, कल्याण निधी, पडताळणी फी असे करत हा आकडा १५ हजारांपासून ४२ हजारांपर्यंत नेऊन ठेवला होता. ३० जुलै २०२४ रोजी सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड आणि न्या. पारडीवाला यांच्या पीठाने ही वसुली बेकायदा ठरवली, आणि अशा फीमुळे दुर्बल वर्गांवरील भेदभावच चालू राहतो, असे स्पष्ट म्हटले. कायद्याचा रक्षक म्हणवणारा व्यवसायच आपल्या दारात कायद्यापेक्षा शंभरपट जास्त घेत होता! ज्यांनी आधी भरले त्यांना ते परत मिळाले नाहीत, कारण निकाल पुढच्या काळासाठी होता. आमच्यातल्या कित्येकांनी आईच्या मंगळसूत्रावर, पतपेढीच्या कर्जावर ती रक्कम भरली आहे.

मग बार परीक्षेची फी पाहा. २०२४ च्या परीक्षेला सर्वसाधारण गटासाठी ३,५०० आणि अनुसूचित जाती-जमातींसाठी २,५०० रुपये फी होती. आयुष्यभराच्या नोंदणीला १२५ आणि एका रविवारच्या परीक्षेला त्याच्या वीसपट. नापास झालात की पुन्हा तेवढेच. त्याविरुद्ध २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात याचिका झाली आहे. ती आपल्यापैकी कोणी का केली नाही, हा आमच्या वकील संघटनांना आमचा सवाल आहे.

आता ही परीक्षा कोण देते ते पाहू. बातमीत टक्केवारी येते. टक्केवारीला चेहरा नसतो. आम्ही गेली काही वर्षे परळच्या एका विहारात रविवारी या परीक्षेची तयारी करून घेतो, तिथे जे बसतात त्यांचे सांगतो. तिशी ओलांडलेल्या बायका आहेत. मुले शाळेला लागल्यावर तीन वर्षांचा अभ्यासक्रम पुरा केलेल्या. बेस्टमधला एक कंडक्टर आहे. महापालिकेतला एक कारकून निवृत्तीनंतर वकील व्हायचे म्हणून येतो आणि सगळ्यांआधी येऊन सतरंजी घालतो. कुरिअर कचेरीत आठ तास उभी राहणारी नायगावच्या बीडीडी चाळीतली मुलगी आहे. आणि नुकतीच पदवी घेतलेली पोरे. यातली बहुतेक मराठी माध्यमातून बारावी झालेली. यांच्या शेजारी, त्याच परीक्षेला, ज्यांच्या घरात तीन पिढ्यांची वकिली आहे आणि काकांची चेंबर वाट पाहत आहे तीही मुले बसतात. पेपर एकच असतो. आणि पेपर काढणाऱ्यांच्याही चुका होतात. प्रश्न रद्द करावे लागण्याची पाळी त्यांच्यावरही आली आहे.

दिवसा नोकरी करणाऱ्याने शिकावे म्हणून बाबासाहेबांनी १९४६ मध्ये सिद्धार्थ महाविद्यालय सकाळचे काढले, आणि १९५६ मध्ये पीपल्स एज्युकेशन सोसायटीचे कायदा महाविद्यालय निघाले. फोर्टच्या आनंद भवनातून कायदा शिकून बाहेर पडलेल्यांत गिरणीतले, रेल्वेतले, पोस्टातले किती असतील! बार कौन्सिलच्या २००८ च्या नियमांनी वर्ग सकाळी ८ ते संध्याकाळी ७ याच वेळात आणि आठवड्याला किमान ३० तास भरवण्याची अट घातली. दर्जाच्या दृष्टीने ती चूक आहे असे आम्ही म्हणत नाही. पण नोकरी करून शिकणारा विद्यार्थी अशा वेळापत्रकात हजेरीपुरता उरतो. तो पदवी घेतो, पण बेअर अ‍ॅक्ट उघडायला शिकत नाही. आणि ही परीक्षा नेमकी तेवढेच विचारते.

हे थोडे विस्ताराने सांगतो, कारण इथेच आमची मुले गुण गमावतात. संविधान १०, दिवाणी प्रक्रिया १०, फौजदारी प्रक्रिया १०, दंडसंहिता ८, पुरावा ८. या पाच विषयांचेच ४६ गुण झाले. त्यात कौटुंबिक कायदा ८ आणि करार वगैरे ८ मिळवा, ६२ झाले. उरलेल्या ३८ गुणांत डझनभर विषय कोंबले आहेत. कंपनी, पर्यावरण, सायबर यांना दोन-दोन. आणि हो, कामगार कायद्याला चार! गिरणगावात वाढलेल्या पोराने ते चार सोडून कंपनी कायद्याच्या गाइडात डोके घातलेले आम्ही पाहिले की हसावे की रडावे कळत नाही. बाजारात 'हमखास पास'ची जाडजूड गाइडे मिळतात, त्यात तीन हजार प्रश्न पाठ करायला दिलेले असतात. ते पाठ करू नका. एका प्रश्नाला दोनेक मिनिटे मिळतात. तेवढ्यात कलम सापडले पाहिजे. दिवाणी प्रक्रिया संहितेत कलमे पुढे आणि ऑर्डर मागे, हे ज्याच्या बोटांना ठाऊक नाही तो तात्पुरत्या मनाईहुकुमासाठी ऑर्डर ३९ शोधता शोधता पाच मिनिटे घालवतो.

त्यात १ जुलै २०२४ पासून फौजदारी कायदे बदलले. ३०२ आणि ४२० हे आकडे तर आमच्या वस्तीत वकील नसलेल्यांच्याही तोंडी बसलेले. आता खून १०३ मध्ये आणि फसवणूक ३१८ मध्ये. एफआयआर १५४ चा १७३ झाला, अटकपूर्व जामीन ४३८ चा ४८२. जुनी पुस्तके स्वस्तात मिळतात म्हणून फुटपाथवरून आणणाऱ्या गरीब मुलालाच या बदलाचा फटका बसला. नव्या संहितांचे तिन्ही बेअर अ‍ॅक्ट, संविधान, दिवाणी प्रक्रिया, करार, कौटुंबिक कायदे, हा संच नव्याने घ्यायचा म्हणजे पुन्हा खिशाला चाट. आम्ही विहारात दोन संच ठेवले आहेत. ते परीक्षेच्या दिवशी कोणी न्यायचे, यावरून एकदा भांडण झाले. चिठ्ठ्या टाकाव्या लागल्या.

पाच गुणांच्या सवलतीबद्दलही बोलतो. २०२३ च्या परीक्षेपासून सर्वसाधारण आणि इतर मागासवर्गीय गटाला ४५ टक्के, अनुसूचित जाती-जमातींना ४० टक्के लागतात. त्याआधी हे ४० आणि ३५ होते. बाररूममध्ये यावरून टोमणे ऐकू येतात. टोमणे मारणाऱ्यांना आम्ही एवढेच विचारतो की, काकाच्या चेंबरमध्ये मिळालेल्या खुर्चीचे गुण कोणत्या रकान्यात मांडले? पण आमच्या मुलांना आम्ही दुसरे सांगतो. चाळीसवर डोळा ठेवून बसलेला छत्तीसवर अडकतो. साठ धरून बसा. हातात कायद्याचे पुस्तक असताना साठ अशक्य नाहीत. २०२३ ला निम्म्याखाली असलेले उत्तीर्णांचे प्रमाण ३० नोव्हेंबर २०२५ च्या परीक्षेत सत्तर टक्क्यांच्या जवळपास गेले. दोन वर्षांत देशाची बुद्धी एवढी वाढली, असे कोणी म्हणेल काय? पेपर कसा निघाला, तयारी कशी झाली, यावर हे आकडे हलतात. म्हणून नापास झालेल्याने मान खाली घालू नये आणि पास झालेल्याने ती फार ताठही करू नये.

ही परीक्षा आता आणखी एका कारणाने महत्त्वाची झाली आहे. २० मे २०२५ रोजी सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या पीठाने दिवाणी न्यायाधीशाच्या परीक्षेसाठी तीन वर्षे वकिलीची अट पुन्हा आणली. ही वर्षे तात्पुरत्या नोंदणीच्या तारखेपासून मोजायची, असेही त्याच निकालात आहे. म्हणजे ज्या मुलीला न्यायाधीश व्हायचे आहे तिने सनद लवकर घेतली पाहिजे, आणि दोन वर्षांच्या आत ही परीक्षा काढली पाहिजे. नाहीतर अनुभवाचा धागाच तुटतो. ती तीन वर्षे तिने खायचे काय, हे मात्र निकालात कुठून असणार? बार कौन्सिलने ऑक्टोबर २०२४ मध्ये परिपत्रक काढून ज्युनियरला शहरात दरमहा २० हजार आणि ग्रामीण भागात १५ हजार विद्यावेतन द्यावे, अशी शिफारस केली. शिफारसच ती, सक्ती नाही. आम्ही स्वतः ज्युनियर होतो तेव्हा एका सिनियरने पहिल्या दिवशी आमचे गाव विचारले, मग वडिलांचा धंदा विचारला, मग पुन्हा गाव विचारले, आणि सहा महिने लोकलच्या पासाचे पैसेही दिले नाहीत. आज आमच्या समाजातले सिनियरही ज्युनियरला 'चळवळीचे काम आहे' म्हणून फुकट राबवतात. ही वाक्ये वाचून दोघेतिघे आम्हाला फोन करतील. करू द्या.

शेवटच्या वर्षाच्या विद्यार्थ्यांना ही परीक्षा देऊ द्यावी, असा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने २० सप्टेंबर २०२४ ला दिला. याचा अर्थ तयारी कॉलेजातच सुरू झाली पाहिजे. त्यासाठी मोठी संस्था काढायला नको. प्रत्येक विहारात बेअर अ‍ॅक्टचा एक नवा संच, रविवारचे तीन तास, आणि शिकवायला पाच वर्षे प्रॅक्टिस झालेला एक वकील, एवढे पुरते. सत्काराच्या एका फ्लेक्सच्या आणि हारतुऱ्यांच्या पैशात संच येतो. चैत्यभूमीवर दरवर्षी सेवा देणाऱ्या मंडळांनी आपल्यात परीक्षेला बसणारे कोण आहेत याची नोव्हेंबरातच यादी करावी आणि त्यांना त्या वर्षी रांगेच्या कामातून मोकळे करावे. बाबासाहेबांचे दर्शन त्यांनी घ्यावे आणि घरी जाऊन वाचत बसावे.

लालबागचा तो मुलगा तिसऱ्या वेळी पास झाला. त्या वेळी आम्ही त्याला सहा आठवडे कोर्टात पाय ठेवू दिला नाही. फायली आम्ही स्वतः उचलल्या आणि झेरॉक्सच्या रांगेतही उभे राहिलो. त्या माउलीचे प्रकरण अजून चालू आहे, आता वकीलपत्र त्याचे आहे. रविवारी विहारात दिवाणी प्रक्रिया तोच शिकवतो. गेल्या खेपेला सोळाजण आले होते, त्यातले दोघे बेअर अ‍ॅक्ट न घेता आले. त्याने त्यांना परळ स्टेशनजवळच्या दुकानात पाठवले आणि ते परत येईपर्यंत वर्ग सुरू केला नाही.